मिस गारव्हिन हलत नाहीत

मिस गारव्हिन चिडल्या की त्यांचा आवाज बंद व्हायचा. रागात माणसाचा आवाज चढतो, निदान आमच्या अकोल्यात तरी चढतो. या बाई उलट आवाज पार काढूनच घ्यायच्या आणि ओठ तेवढे चालू ठेवायच्या. समोरच्याला शब्द न् शब्द दिसायचा, ऐकू मात्र काही यायचं नाही. पहिल्यांदा हे पाहिलं तेव्हा मला वाटलं, बाईंना झटका आला. मी पाणी आणायला धावले. परत येते तो मीटर वाचायला आलेला धिप्पाड माणूस टोपी हातात घेऊन माफी मागत होता. त्याने फाटक उघडं टाकलं होतं आणि मांजर बाहेर गेलं होतं.

"ओरडतं कोण?" तो गेल्यावर त्या मला म्हणाल्या. "ज्याचा चेहरा काम करत नाही, तो."

त्यांचा चेहरा ब्याण्णवाव्या वर्षीही काम करत होता. तरुणपणी त्यांनी हॉलिवूडच्या अकरा मूकपटांत काम केलं होतं. हे त्यांनी मला पहिल्याच आठवड्यात सांगितलं आणि मी ते सोडून दिलं. प्रत्येक गावात असा एक म्हातारा माणूस असतोच, ज्याने कधीतरी कुणा मोठ्याला पाणी पाजलेलं असतं.

मी १९९९ साली मेनूथला आले. डब्लिनच्या पश्चिमेचं हे विद्यापीठाचं गाव. तिथून बसने जाण्यासारख्या अंतरावर चिप बनवणाऱ्या एका कारखान्यात मला नोकरी लागली होती. किराणा दुकानाच्या काचेवर शाईने लिहिलेली एक चिठ्ठी दिसली: 'कालव्याकाठी खोली भाड्याने. ग्रँड म्हणणाऱ्यांनी येऊ नये.' मला येऊन आठच दिवस झाले होते, तरी एवढं कळलं होतं की या देशात कशालाही ग्रँड म्हणतात. चहा कसा झालाय? ग्रँड. पाय मोडला होता ना? ग्रँड. मी अजून म्हणायला शिकले नव्हते, म्हणून गेले.

बाईंनी मला खिडकीसमोर बसवलं, हनुवटीला बोट लावून तोंड उजेडाकडे वळवलं आणि भाजी निवडावी तसं पाहिलं.

"नाव?"

"प्रमिला. कामावर सगळे पॅम म्हणतात."

"का?"

"सोपं पडतं म्हणून."

"कुणाला?"

मी कोटावरच्या बिल्ल्यावरचं 'पॅम' हाताने झाकलं.

"नाव कापू दिलंस की लोक पुढे माणूसच कापतात," त्या म्हणाल्या. "प्रमिला, खोली वर आहे. उशी तुझी तू आण."

पुढची दोन-अडीच वर्षं त्या गावात माझं नाव तिन्ही अक्षरांनिशी घेणारं ते एकच माणूस होतं. मीही मग कारखान्यात पॅमला ओ देणं बंद केलं. पहिला महिना जड गेला.

रोज सकाळी त्या जळक्या बुचाने भुवया काढत. खुर्ची कायम खिडकीच्या उजव्या हाताला, कारण डाव्या गालावर उजेड हवा. घरात टीव्ही नव्हता. बोलपट म्हणजे तोंड हलवणारा रेडिओ, असं त्यांचं मत होतं आणि ते सत्तर वर्षं बदललेलं नव्हतं. स्वयंपाकघरातल्या कपाटात, ज्याला तिकडे प्रेस म्हणतात, टोप्या ठेवलेल्या असत. कपबशा खिडकीत. पाहुण्याने कपासाठी प्रेस उघडलं की टोपी हातात येई, आणि मग टोपीची गोष्ट ऐकल्याशिवाय चहा मिळत नसे.

माझ्या कामाबद्दल त्यांनी एकदा खोदून विचारलं. मी सांगितलं, धूळ चालत नाही, म्हणून डोक्यापासून पायांपर्यंत पांढरा पोशाख असतो, फक्त डोळे उघडे.

"तोंड झाकून? मग तू काय म्हणतेस ते त्यांना कळतं कसं?"

"कामापुरतं बोलतो आम्ही, मिस गारव्हिन."

"मी कामाचंच विचारते आहे."

हॉलिवूडची हकीकत मला तुकड्या-तुकड्यांनी कळली. सतराव्या वर्षी त्या लॉस एंजेलिसला मावशीकडे गेल्या. मावशीची लाँड्री होती आणि तिथे एका स्टुडिओचे पोशाख धुवायला येत. नोरा गारव्हिन इस्त्री केलेले झगे पोचवायला जाई. एक दिवस कुणीतरी तिला झग्यांसकट उजेडात उभं केलं. अकरा चित्रपटांपैकी नवांत त्या मोलकरीण होत्या आणि एकात प्रेत. "प्रेताचं काम सगळ्यांत अवघड. माशी नाकावर बसते आणि दिग्दर्शक म्हणतो, छान, अजून थोडी मेलेली दिस."

उरलेला एक चित्रपट म्हणजे त्यांच्या आयुष्याची ठसठस. तो आयर्लंडवरचा होता. कॅलिफोर्नियाच्या रणरणत्या उन्हात त्यांनी आयर्लंड उभारलं होतं: कागदाच्या लगद्याचे दगड, रंगवलेलं गवत आणि एक खरं डुक्कर. त्यात नोरा घरातून हाकलली जाणारी गरीब मुलगी होती. जमीनदाराच्या पायाशी गुडघे टेकून दयेची भीक मागायची, हा तिचा एकच मोठा प्रसंग.

"खडीवर गुडघे," त्या सांगत. "सात वेळा केलं. गुडघ्यांतून रक्त आलं. दिग्दर्शक म्हणाला, आठव्यांदा कर नाहीतर चालती हो, लाँड्रीत तुझ्यासारख्या पन्नास आहेत. कॅमेरा सुरू झाला. मी वर पाहिलं, सगळी भीक चेहऱ्यावर आणली, डोळ्यांत पाणी आणलं, आणि त्याला जे सांगायचं होतं ते तोंडाने सांगितलं. मोठ्याने. जमीनदार झालेला नट हसू दाबता दाबता लाल झाला."

"काय सांगितलंत?"

"ते फिल्ममध्ये आहे," त्या म्हणत आणि विषय बंद करत.

चेहरा इतका उत्तम उतरला होता की दिग्दर्शकाने तेच चित्रण ठेवलं. मूकपटाला कान नसतात. पडद्यावर नंतर पाटी आली: 'दया करा, साहेब, मला जायला जागा नाही.' पण त्याच संध्याकाळी नोराला काढून टाकलं आणि तिचं नाव यादीतून खोडलं. त्या जागी लिओना क्विल हे नाव घातलं. लिओना ही दुसरी मुलगी, सुरुवातीच्या एका प्रसंगात कोंबड्यांना दाणे टाकणारी. नोराला पुढे कुणी उभं केलं नाही. ती परत आली आणि तीस वर्षं आपल्याच गावाकडच्या एका थिएटरच्या दारात तिकिटं फाडत उभी राहिली. लग्न केलं नाही. "विचारलं होतं तिघांनी. तिघांनाही माझं आडनाव बदलायचं होतं."

आता हे सगळं खरं धरायचं, तर पुरावा काय? एक फोटो नाही, कागद नाही, चित्रपट तर कधीच नष्ट झालेला. मी ऐकून घेई. खरं सांगते, निम्मा विश्वास होता आणि निम्मा भाडेकरूचा सभ्यपणा.

दर रविवारी त्यांचा भाचा डर्मट यायचा. साठीचा, जाडजूड, मनाने वाईट नव्हता. आत्याने वृद्धाश्रमात जावं असं त्याला वाटे. जिना उंच, कालवा जवळ, वय हे असं. त्याने विषय काढला की आत्याबाईंचा आवाज जाई आणि ओठांवर तेच एक वाक्य येई. आय'ल नॉट स्टर. स्टर युअरसेल्फ. मी नाही हलत, तू हल. डर्मट खाली मान घालून केक संपवी आणि हले.

२००० च्या उन्हाळ्यात माझी आई आली. आईने बावीस वर्षं अकोल्याजवळच्या एका जिनिंगमध्ये कापूस ओढला. त्या यंत्रांच्या धडधडाटात तिचे कान गेले, पण त्याच्या कितीतरी आधी तिथल्या सगळ्याच बाया ओठ वाचायला शिकल्या होत्या. सरकी आणि धूळ उडत असताना दुसरा इलाजच नव्हता. मुकादम लांबून काय पुटपुटतोय ते आईला त्याच्या शेजारच्या माणसाआधी कळायचं. इंग्रजीचा मात्र तिला गंध नव्हता.

मला धास्ती होती, मी कामावर गेल्यावर या दोघींचं दिवसभर काय होणार. संध्याकाळी परतले तर दोघी मटार सोलत बसलेल्या, आणि मिस गारव्हिन बिनआवाजात, हातवाऱ्यांनिशी काहीतरी लांबलचक सांगत होत्या.

"काय सांगून राह्यल्या?" मी आईला विचारलं.

"मले काय मालूम शब्द? पन हे बाई मेली होती अन् तिच्या नाकावर माशी बसली, असं काहीतरी हाये. लय हसलो."

आईला सगळं कळत होतं. डर्मट आला की ती कोपऱ्यात बसून बाईंच्या ओठांकडे एकटक पाही. तो गेल्यावर म्हणे, "भाच्याले आजही तेच म्हनलं. दोनदा ओठ पुढं येतात, अन् शेवटी खालचा ओठ दाताखाली जाते. काय म्हनते व ते?"

मी अर्थ सांगितला. 

"मुकादमाले असं म्हनाले पाह्यजे होतं एकदा तरी," ती म्हणाली.

त्याच ऑगस्टमध्ये पेपरात एक छोटी बातमी आली. हरवलेला एक मूकपट दूरदेशीच्या कुठल्या शाळेच्या माळ्यावर सापडला होता, आणि डब्लिनमधल्या एका लहानशा चित्रपट-संग्रहालयात तो दाखवणार होते. कलाकारांच्या यादीत हाकललेल्या मुलीसमोर नाव होतं लिओना क्विल.

मिस गारव्हिननी ती बातमी कात्रीने कापली, घडी केली, सर्वांत वरची टोपी काढली आणि म्हणाल्या, "बस किती वाजता आहे?"

संग्रहालयातला फर्गस नावाचा तरुण फार सौजन्याने वागला. सौजन्य हेच त्याचं चुकलं. त्याने खुर्ची दिली, चहा दिला आणि समजावलं की असे पुष्कळ लोक येतात, स्मृती फसवते, कागदोपत्री आधार लागतो. स्टुडिओची यादी लिओना क्विल म्हणते.

"यादीत मी नाही, कारण मला खोडलं. पुरावा तुझ्या डब्यात आहे, मुला. फिल्मच्या डब्यात."

"पडद्यावर तुम्ही वीस वर्षांच्या दिसाल, मॅडम. चेहऱ्यावरून आज कुणी शपथेवर—"

इथे बाईंचा आवाज बंद झाला. फर्गसने घाबरून रुग्णवाहिकेला फोन लावायला घेतला. मी त्याचा हात धरला. बाईंचं बोलून संपलं तेव्हा त्यांनी पर्समधून एक बंद पाकीट काढून त्याच्या हातात दिलं आणि आवाज परत घेतला.

"ती मुलगी गुडघ्यांवर असताना काय बोलते, ते यात लिहिलंय. पाटीवर काय आहे ते नव्हे. ती काय बोलते ते. चित्रपट संपल्यावर उघड."

"ग्रँड," फर्गस म्हणाला. बाईंनी डोळे मिटून घेतले.

परतताना बसमध्ये त्या पहिल्यांदाच मला म्हाताऱ्या वाटल्या. खिडकीशी बसूनही तोंड उजेडाकडे नव्हतं. "लिओना चांगली मुलगी होती," त्या म्हणाल्या. "तिच्या नावाशी माझं भांडण नाही. पण त्या गुडघ्यांतलं रक्त माझं आहे." मला तेव्हा माझ्या निम्म्या विश्वासाची लाज वाटली. मी त्यांना तसं सांगितलंही. त्या म्हणाल्या, निम्मा पुष्कळ झाला, बाकीच्यांचा तेवढाही नाही.

प्रयोगाला साठ-सत्तर माणसं असतील. पुढच्या रांगेत मिस गारव्हिन, मध्ये मी, पलीकडे नऊवारी आणि माझा लोकरी कोट घातलेली आई. पियानोवर एक मुलगी. पडद्यावर कागदी दगड आले, डुक्कर आलं, लोक हसले. लिओना क्विलने कोंबड्यांना दाणे टाकले. बाईंनी मान किंचित तुकवली, ओळखीच्या माणसाला करावी तशी.

मग ती मुलगी आली. बारीक, मोठ्या डोळ्यांची. जमीनदाराने दाराकडे बोट केलं. तिने खडीवर गुडघे टेकले, हात जोडले आणि वर पाहिलं. फार लाचार तोंड होतं ते. ओठ हलले.

बहिऱ्या माणसाला आपला आवाज किती मोठा आहे ते कळत नाही. आई भर अंधारात म्हणाली, "अव प्रमिले, हे तं आपलीच बाई हाये. भाच्याले म्हनते तेच त्या मानसाले म्हनून राह्यली."

पियानो थांबला. वर पाटी झळकली: 'दया करा, साहेब, मला जायला जागा नाही.'

"खोटं हाये ते, काय लिवलं असन ते," आई म्हणाली. तिला पाटी वाचता येत नव्हती. "दया-बिया काही मागून नाई राह्यली ते."

लोक मागे वळून पाहू लागले. कुणीतरी शूः केलं. मी उठले. इंग्रजीत सांगितलं की माझ्या आईला इंग्रजी येत नाही, ऐकूही येत नाही, पण ओठ वाचता येतात. आणि ती म्हणते, पडद्यावरची मुलगी आणि ही शेजारची बाई एकच वाक्य बोलतात. कुठलं, ते मी सांगणार नाही. फर्गसच्या खिशातल्या पाकिटात आहे.

फर्गसने दिवे लावायला सांगितले. पाकीट फोडलं. वाचलं. मग पुन्हा वाचलं, या वेळी मोठ्याने: "आय'ल नॉट स्टर. स्टर युअरसेल्फ."

तो प्रसंग पुन्हा दाखवला. आता सगळे ओठच पाहत होते. दोनदा पुढे, आणि शेवटी खालचा ओठ दातांखाली. हातच्या कांकणाला आरसा कशाला. मागच्या रांगेतून एक म्हातारा ते वाक्य पडद्याबरोबर म्हणाला, मग आणखी दोघं-चौघं, आणि तिसऱ्यांदा फिल्म मागे घेतली तेव्हा अख्खं सभागृह त्या जोडलेल्या हातांच्या मुलीबरोबर जमीनदाराला सांगत होतं की आम्ही नाही हलत. मिस गारव्हिन तेवढ्या गप्प होत्या. गालावर डावीकडून पडद्याचा उजेड होता आणि त्यावरून पाणी वाहत होतं. आईने त्यांचा हात आपल्या मांडीवर घेऊन ठेवला होता.

पण संस्थेचं घोडं अजून पेंड खातच होतं. फर्गसने मूकबधिर शाळेच्या एका शिक्षिकेला बोलावून तिच्याकडूनही ओठ वाचून घेतले, तिनेही तेच सांगितलं, आणि पुढच्या प्रयोगासाठी नवी पत्रकं छापली. त्यात होतं: 'हाकललेली मुलगी — बहुधा नोरा गारव्हिन.'

त्या दिवशी आम्ही तासभर आधी पोचलो. बाईंनी दालनात टेबलाशी खुर्ची ओढली, पत्रकांचा गठ्ठा पुढ्यात घेतला आणि प्रत्येकावरचं 'बहुधा' काळ्या शाईने खोडलं. सगळ्यांवरचं. नोराचं ऑनोरा केलं, ते त्यांचं न कापलेलं नाव. फर्गस येऊन म्हणाला, मॅडम, आमची पद्धत असते, अशा बाबतीत शंभर टक्के कुणालाच—. बाईंनी वर पाहिलं. फक्त पाहिलं. त्याने खिशातलं पेन काढलं, शेजारी बसला आणि उरलेल्या गठ्ठ्यातलं 'बहुधा' खोडू लागला.

सुंभ जळला तरी पीळ जात नाही म्हणतात. मी म्हणते, कशाला जावा?

दिवाळीआधी आई परत गेली. विमानतळावर बाई आल्या होत्या. दोघी बराच वेळ ओठांनी बोलल्या. काय ते मला दोघींनीही सांगितलं नाही. अकोल्याहून आईची पत्रं यायची, शेजारच्या मुलीकडून लिहवलेली, आणि शेवटी कायम एकच प्रश्न असे: बाई हलली तं नाही?

२००२ च्या जानेवारीत बाई जिन्यावरून पडल्या. खुब्याचं हाड मोडलं. इस्पितळातून त्यांना सरळ वृद्धाश्रमात नेलं. त्या हलल्या नाहीत, त्यांना हलवलं, हे मी डर्मटच्या तोंडावर म्हणाले. तो रडायला लागला, आणि मी त्याला माझा रुमाल दिला. तिथे खोलीच्या दारावर 'नोरा जी.' अशी चिठ्ठी होती. माझ्या पहिल्याच भेटीत त्यांनी पेन मागितलं. परत जाताना दारावर होतं: 'मिस ऑनोरा गारव्हिन, चित्रपट अभिनेत्री.'

फेब्रुवारीत तिथे उलट्यांची साथ आली आणि भेटी बंद झाल्या. मी तरी गेले. मागच्या हिरवळीवरून त्यांच्या तळमजल्याच्या खिडकीशी पोचले. बाई चाकांच्या खुर्चीत काचेशी बसल्या होत्या, डाव्या गालावर उजेड. भुवया नीट काढलेल्या. बूच कुठून मिळवलं कोण जाणे. मला पाहून त्यांनी माझं नाव घेतलं. जाड काचेतून आवाज येत नव्हता, पण तिन्ही अक्षरं दिसली.

इतक्यात मागून एक तरुण नर्स आली. खिडकीशी गारठा असावा, किंवा जेवणाची वेळ झाली असावी. तिने खुर्चीच्या मुठी धरल्या आणि वाकून काहीतरी गोड बोलली. बाईंनी मान वळवली, तिच्याकडे वर पाहिलं. चेहऱ्यावर तीच लाचारी, मोठे डोळे, पाण्याने भरलेले. मला आईसारखे ओठ वाचता येत नाहीत. एवढं एक वाक्य येतं. दोनदा ओठ पुढे आले आणि शेवटी खालचा ओठ दातांखाली गेला.

नर्सने मुठी सोडल्या, शाल आणून बाईंच्या खांद्यांवर टाकली आणि निघून गेली. मिस गारव्हिन खिडकीशीच बसून राहिल्या.